समरहिल : मुलांच्या मतांवर चाललेली शंभर वर्षं

इंग्लंडच्या पूर्व किनाऱ्याजवळ, सफोक परगण्यात, लेस्टन नावाचं एक छोटं गाव आहे. एकोणिसाव्या शतकात रिचर्ड गॅरेट यांच्या कारखान्यामुळे ते नावारूपाला आलं. वाफेवर चालणारी शेतीची यंत्रं इथे तयार होत आणि दूरदूर जात. आज गावातून समुद्राकडे निघालं की दोन-तीन किलोमीटरवर सायझवेलचं अणुवीज केंद्र लागतं. याच गावाच्या कडेला, झाडांनी वेढलेल्या आवारात, एक जुनं मोठं घर आणि त्याच्या आसपास पसरलेल्या बैठ्या खोल्या आहेत. 1927 पासून इथे समरहिल ही निवासी शाळा भरते. सरकारी अनुदान नाही, कोणत्याही चर्चचा आधार नाही; पालकांच्या फीवर चालणारी स्वतंत्र शाळा.

समरहिलचं नाव निघालं की एकच गोष्ट सांगितली जाते : तिथे मुलांना तासाला बसायची सक्ती नाही. गोष्ट खरी आहे आणि ती ऐकून कुणी हरखतं, कुणी दचकतं. पण ही शाळा शंभर वर्षं टिकली, त्याचं कारण वेगळं आहे. ते कारण म्हणजे शाळेची सभा. या सभेत सहा वर्षांच्या मुलाचं एक मत आणि मुख्याध्यापकांचंही एकच मत. सोबत राहण्याचे नियम तिथेच ठरतात, तिथेच मोडीत निघतात आणि नियम तोडणाऱ्याचा निवाडाही तिथेच होतो. तासांची मोकळीक हा या शाळेचा चेहरा असेल, पण तिचा कणा ही सभा आहे. समरहिलचा इतिहास वाचायचा तो या सभेच्या बाजूने.

छडीच्या घरात वाढलेला मुलगा

शाळेचे संस्थापक अलेक्झांडर सदरलँड नील यांचा जन्म 17 ऑक्टोबर 1883 रोजी स्कॉटलंडमधल्या फॉरफर इथे झाला. वडील किंग्जम्यूर या खेड्यात शाळामास्तर होते. नील त्यांच्याच शाळेत शिकले, त्यांच्याच हातचा मार खात. स्कॉटिश शाळांमध्ये तेव्हा तळहातावर चामड्याचा पट्टा मारण्याची पद्धत होती. धाकट्या नीलचं अभ्यासात लक्ष लागत नसे. चौदाव्या वर्षी शाळा सुटली, एडिंबराच्या एका गॅस-मीटरच्या कारखान्यात कारकुनी झाली, तीही जमली नाही. शेवटी वडिलांनीच पंधराव्या वर्षी त्यांना आपल्या हाताखाली शिकाऊ शिक्षक म्हणून घेतलं. अंगावर पट्टा झेललेल्या मुलाच्या हातात आता तोच पट्टा आला, आणि नील यांनी तो वापरलाही. पुढे आयुष्यभर ज्याला विरोध केला, ते त्यांनी आधी स्वतः करून पाहिलं होतं.

नंतर त्यांनी एडिंबरा विद्यापीठातून 1912 मध्ये इंग्रजी साहित्याची पदवी घेतली. पत्रकारितेत बस्तान बसेल असं वाटत होतं, तेवढ्यात पहिलं महायुद्ध सुरू झालं. 1914 मध्ये ते ग्रेटना ग्रीन या सीमेवरच्या गावी शाळेचे मुख्याध्यापक झाले. तिथे त्यांनी पट्टा बाजूला ठेवला आणि मुलांना खेळू दिलं, बोलू दिलं. सरकारी दप्तरात जे लिहिता येत नव्हतं ते वेगळ्या वहीत टिपलं. त्यातून 1915 मध्ये ‘अ डोमिनीज लॉग’ हे त्यांचं पहिलं गाजलेलं पुस्तक आलं. मास्तराने मुलांना धाकात का ठेवायचं, हा प्रश्न त्या पुस्तकात आहे. धाक काढून घेतल्यावर त्या जागी काय ठेवायचं, याचं उत्तर मात्र त्यांच्याकडे अजून नव्हतं.

ते उत्तर त्यांना एका अमेरिकन माणसाकडे सापडलं. होमर लेन डॉर्सेट परगण्यात ‘लिटल कॉमनवेल्थ’ नावाची वसाहत चालवत होते. कोर्टाने गुन्हेगार ठरवलेली किशोरवयीन मुलं-मुली तिथे राहत. या मुलांनी आपले कायदे आपण करायचे, आपला न्याय आपण करायचा, ही लेन यांची पद्धत होती. सैन्यात असताना नील ही वसाहत पाहायला गेले. चोर म्हणून पाठवलेली मुलं सभेत बसून गंभीरपणे न्याय करताहेत, हे दृश्य त्यांनी जन्मभर उराशी बाळगलं. लेन यांच्यावर काही आरोप झाले, सरकारी चौकशी लागली आणि 1918 मध्ये वसाहत बंद पडली. तिची सभा मात्र नील यांच्यासोबत पुढे चालत आली.

जर्मनीत जन्मलेली इंग्लिश शाळा

इंग्लिश खेड्यातल्या या शाळेची सुरुवात इंग्लंडमध्ये झालीच नाही. 1921 मध्ये जर्मनीतल्या ड्रेस्डेनजवळच्या हेलेराऊ या उद्यान-उपनगरात एक आंतरराष्ट्रीय शाळा उभी राहत होती. संगीतशिक्षक एमिल जाक-डालक्रोझ यांच्या तालशिक्षणासाठी तिथे आधीच एक भव्य इमारत बांधलेली होती. नील त्या शाळेच्या एका विभागाचे प्रमुख झाले. हीच समरहिलची सुरुवात मानली जाते.

महायुद्धात हरलेल्या जर्मनीत नवं काही करून पाहण्याची उमेद होती, पण पायाखालची जमीन हलत होती. 1923 मध्ये चलन कोसळलं, सॅक्सनीत दंगली उसळल्या. नील मुलांना घेऊन ऑस्ट्रियातल्या सोनटागबेर्ग या डोंगरावर गेले. डोंगरमाथ्यावर प्रसिद्ध तीर्थस्थान, भोवती भाविक शेतकरी. परदेशी मुलांचं हे बिनधर्माचं बिऱ्हाड त्यांना खपण्यासारखं नव्हतं. शाळेत धर्मशिक्षण दिलं पाहिजे, असा अधिकाऱ्यांचाही आग्रह होता. नील यांनी पुन्हा सामान बांधलं.

मोजक्या मुलांसह ते इंग्लंडच्या दक्षिण किनाऱ्यावरच्या लाईम रीजिस या गावी आले. मेरी ॲनिंग यांना प्राचीन सागरी प्राण्यांचे जीवाश्म सापडले, तेच हे गाव. तिथल्या टेकडीवर त्यांनी जे घर भाड्याने घेतलं, त्याचं नाव होतं समरहिल. 1927 मध्ये शाळा लेस्टनला हलली तेव्हा घर मागे राहिलं, नाव सोबत आलं.

या सगळ्या वाटचालीत शाळेचा संसार ज्यांनी सांभाळला, त्या नील यांच्या पहिल्या पत्नी. मुलं त्यांना मिसेस लिन्स म्हणत. मूळच्या ऑस्ट्रेलियाच्या, कादंबरीकार हेन्री हँडल रिचर्डसन यांच्या त्या भगिनी. कोण कुठल्या खोलीत झोपणार, जेवणात काय असणार, बिलं कशी भागणार, हे त्या पाहत. नील पुस्तकं लिहीत, व्याख्यानं देत. शाळा चालली ती दोघांच्या कष्टांवर.

‘वाया गेलेली’ मुलं

नील यांचं वेगळेपण ठसायचं तर त्या काळातली इंग्लिश निवासी शाळा डोळ्यांपुढे आणली पाहिजे. ईटन, हॅरो, रग्बी या शाळांचा नमुना सगळ्यांना ठाऊक होता. वरच्या वर्गातल्या मुलांना खालच्यांवर अधिकार, धाकट्यांनी थोरल्यांची हरकामं करायची, आणि चुकलं की छडी. जवाहरलाल नेहरू 1905 ते 1907 या काळात हॅरोला शिकले. 1935 मध्ये डेहराडूनला निघालेली दून स्कूल याच परंपरेकडे पाहून उभी राहिली. त्या शाळांतही मुलांच्या हाती सत्ता होती, पण ती वरून सोपवलेली आणि वयाच्या उतरंडीने खाली येणारी. समरहिलमध्ये उतरंडच काढून टाकली होती.

सुरुवातीच्या काळात इथे येणारी बरीच मुलं दुसऱ्या शाळांनी काढून टाकलेली होती. चोऱ्या करणारी, घर सोडून पळणारी, काचा फोडणारी. ‘द प्रॉब्लेम चाइल्ड’ हे नील यांचं पुस्तक 1926 मध्ये आलं. त्यांचं म्हणणं असं, की मूल जन्मतः बिघडलेलं नसतं. ते दुःखी असतं, आणि त्याच्या दुःखाचं मूळ बहुतेक वेळा मोठ्यांच्या वागण्यात असतं. नंतर आलेल्या दोन पुस्तकांची नावंच बोलकी आहेत. 1932 मध्ये ‘द प्रॉब्लेम पेरेंट’ आणि 1939 मध्ये ‘द प्रॉब्लेम टीचर’. बोट मुलाकडून पालकाकडे आणि पालकाकडून शिक्षकाकडे वळत गेलं.

अशा मुलांशी नील एकेकट्याने बोलत. फ्रॉइडच्या मानसशास्त्राचा त्यांच्यावर मोठा प्रभाव होता. चोरी करणाऱ्या मुलाला त्यांनी कधी चक्क बक्षीसही दिलं, ज्या प्रेमासाठी तो चोरी करतो आहे ते मागितल्याशिवाय मिळावं म्हणून. पण काही वर्षांनी त्यांना दिसलं, की जी मुलं त्यांच्याशी बोलायला कधीच आली नाहीत, तीही सुधारली होती. तेव्हा त्यांनी प्रांजळपणे लिहिलं, की बरं करणारी गोष्ट आपली चिकित्सा नव्हती, मोकळं वातावरण होतं. आपल्या कौशल्याचं श्रेय असं सोडून देणारे शिक्षणतज्ज्ञ फार आढळत नाहीत.

तासांचंही तसंच. दुसऱ्या शाळांतून आलेली मुलं सुरुवातीला तासांकडे फिरकतच नसत. नील यांच्या अंदाजाने ही नावड सरासरी तीन महिने टिके. कॉन्व्हेंटमधून आलेली एक मुलगी तर तीन वर्षं तासाला बसली नव्हती. तो त्यांच्या आठवणीतला उच्चांक. शाळेत वेळापत्रक होतं, शिक्षक ठरल्या वेळी वर्गात हजर असत. मोकळीक मुलांना होती, शिक्षकांना नव्हती.

सभा कशी चालते

सभेला सगळी शाळा एकत्र बसते. अध्यक्ष बहुधा विद्यार्थीच असतो आणि त्याचा शब्द सभेत शेवटचा. गडबड करणाऱ्याला तो दंड करू शकतो, बाहेर काढू शकतो. कुणीही विषय मांडावा, कुणीही बोलावं, मग हात वर करून मतदान. नील यांच्या काळात शनिवारच्या संध्याकाळची सभा ठरलेली असे. पुढे नियम करणारी सभा आणि तक्रारी ऐकणारी सभा अशा दोन बैठका आठवड्यातून भरू लागल्या.

विषय अगदी रोजचे असतात. कुणी कुणाची सायकल न विचारता नेली, कुणी रात्री दंगा करून इतरांची झोप मोडली, कोणत्या वयाच्या मुलाने कोणतं हत्यार वापरावं. शिक्षाही तशीच घरगुती : खाऊच्या पैशांतून दंड, जेवणानंतरचा गोड पदार्थ बंद, जेवणाच्या रांगेत सगळ्यांच्या मागे उभं राहणं. भांडण सभेपर्यंत जाण्याआधी मिटवायचं असेल तर मुलांनीच निवडलेले मध्यस्थ असतात. झोपायच्या वेळा पाळल्या जाताहेत की नाही हे पाहायलाही मुलांनीच निवडलेले पदाधिकारी असतात. न्यायाधीश, पोलीस, कायदेमंडळ ही सगळी कामं तीच मुलं आळीपाळीने करतात. आज तक्रार घेऊन आलेला उद्या आरोपी म्हणून उभा असतो. म्हणून निवाडा करताना हात जरा जपून वर जातो.

ज्यांना समरहिल म्हणजे नियम नसलेली शाळा वाटते, त्यांना इथे धक्का बसतो. या शाळेचे नियम शेकड्यांत मोजावे लागतात. कोणत्याही शिस्तप्रिय वसतिगृहाच्या फळ्यावर एवढे नियम नसतील. मधूनच एखाद्या सत्रात सभा झोपायच्या वेळा रद्द करून टाकते. मग काही रात्री जागरणं होतात, सगळे चिडचिडे होतात आणि तीच सभा त्या वेळा परत आणते. मोठ्यांनी आधीच सांगितलं असतं की झोप गरजेची आहे, तर तो उपदेश ठरला असता. मुलांनी स्वतः मोडून पाहून परत आणलेला नियम त्यांचा होतो.

सभेच्या अधिकाराला हद्दही आहे आणि ती पहिल्यापासून स्पष्ट आहे. शिक्षकांची नेमणूक, फी, हिशेब हे मोठ्यांकडे. जिवाला धोका असेल तिथे मतदान नाही. पोहताना लक्ष ठेवायला माणूस हवा म्हणजे हवाच. नील यांचं सूत्र साधं होतं : स्वतःपुरतं हवं ते करा, दुसऱ्याला त्रास होईल तिथे तुमची मोकळीक संपते. तासाला न बसणं हा ज्याचा त्याचा प्रश्न. तास चालू असताना बाहेर ढोल बडवणं हा सगळ्यांचा. अमेरिकेतल्या वाचकांनी या फरकाकडे काणाडोळा केला, तेव्हा त्यांनी 1966 मध्ये ‘फ्रीडम – नॉट लायसेन्स!’ असं नाव देऊन वेगळं पुस्तकच काढलं.

युद्ध, तपासणी आणि अचानक आलेली कीर्ती

दुसऱ्या महायुद्धात पूर्व किनारा धोक्याचा ठरला. 1940 मध्ये शाळा वेल्समधल्या फेस्टिनिऑग या डोंगराळ गावी गेली आणि लेस्टनच्या इमारती सैन्याने ताब्यात घेतल्या. वेल्समधली वर्षं नील यांना जड गेली. सतत पाऊस, कर्मठ वातावरण, हलाखीची व्यवस्था. 1944 मध्ये मिसेस लिन्स वारल्या. 1945 मध्ये शाळा लेस्टनला परतली. नील यांनी शाळेतच काम करणाऱ्या ईना वूड यांच्याशी लग्न केलं आणि 1946 मध्ये त्यांची मुलगी झोई जन्मली.

1949 मध्ये सरकारी निरीक्षक आले. त्यांचा अहवाल आजही वाचण्यासारखा आहे, कारण तो दोन्ही बाजू मोकळेपणाने मांडतो. मुलं आनंदी, मनमिळाऊ, संकोच नसलेली आहेत, इथे काहीतरी मोलाचं चाललं आहे, असं त्यांनी लिहिलं. लहान मुलांना मिळणारं अध्यापन कच्चं आहे, हेही लिहिलं. नील यांनी हा अहवाल टीकेसकट आपल्या पुस्तकात छापला. त्यांना अध्यापनपद्धतीत फारसा रस नव्हता, हे ते लपवत नसत. भागाकार कसा शिकवला हे महत्त्वाचं नाही, ज्याला शिकायचा आहे तो कसाही शिकेल, असं त्यांचं मत. ही त्यांच्या विचारातली खरी उणीव आहे. शिकण्याची इच्छा असणाऱ्या मुलालाही चांगल्या शिकवण्याची गरज असते. मन मोकळं झालं म्हणजे गणित आपोआप उलगडत नाही.

पन्नाशीच्या दशकाअखेर शाळा मरणपंथाला लागली होती. मुलांची संख्या पंचविसाच्या आसपास घसरली होती आणि नील पंचाहत्तरी ओलांडलेले होते. तेव्हा न्यूयॉर्कच्या हॅरोल्ड हार्ट या प्रकाशकाने नील यांच्या जुन्या पुस्तकांतले निवडक भाग एकत्र करून 1960 मध्ये ‘समरहिल’ हे पुस्तक काढलं. मनोविश्लेषक एरिक फ्रॉम यांनी प्रस्तावना लिहिली. पुस्तक प्रसिद्ध होण्याआधी एकाही दुकानदाराने मागणी नोंदवली नव्हती, असं सांगतात. दहा वर्षांत त्याच्या वीस लाखांहून अधिक प्रती खपल्या. अमेरिकेतल्या विद्यापीठांत ते अभ्यासाला लागलं. जर्मनीत 1969 मध्ये ते नव्या नावाने आलं आणि सत्ताविरोधी बालसंगोपनाचा जणू जाहीरनामाच बनलं. मुलं अमेरिकेतून येऊ लागली आणि पाहुण्यांची तर रीघ लागली.

टीकाही तेवढीच जोरात झाली. 1970 मध्ये ‘समरहिल : फॉर अँड अगेन्स्ट’ या संग्रहात पंधरा जणांनी आपापली मतं मांडली. कॅलिफोर्नियाचे शिक्षणाधिकारी मॅक्स रॅफर्टी यांनी त्यात शाळेवर कडाडून हल्ला चढवला. वादाच्या या धुरळ्यात सभा हरवली आणि ‘तासाला न बसण्याची शाळा’ एवढीच प्रतिमा जगभर पोचली.

नील 23 सप्टेंबर 1973 रोजी वारले. संस्थापक गेला की अशा शाळा सहसा मावळतात. बर्ट्रांड रसेल यांनी 1927 मध्ये, स्वतःची शाळा काढण्यापूर्वी, समरहिलला भेट दिली होती; त्यांची बीकन हिल शाळा 1943 मध्ये बंद झाली. रवींद्रनाथ टागोरांसोबत श्रीनिकेतनात काम केलेले लिओनार्ड एल्महर्स्ट आणि त्यांच्या पत्नी डोरोथी यांनी डेव्हनमध्ये डार्टिंग्टन हॉलची शाळा 1926 मध्ये काढली. तिच्यामागे मोठी संपत्ती होती, तरी ती 1987 मध्ये बंद झाली. समरहिल मात्र आधी ईना यांनी आणि 1985 पासून झोई रीडहेड यांनी पुढे चालवली. कुटुंबाची निष्ठा हे त्यामागचं एक कारण. दुसरं कारण असं, की शाळेचा रोजचा कारभार नील यांच्या व्यक्तिमत्त्वावर टेकलेला नव्हता. त्यांच्या निधनानंतरही सभा भरत राहिली, आणि ती कशी चालवायची हे थोरल्या मुलांना ठाऊक होतं. धाकटी त्यांच्याकडून शिकत होती.

सरकार विरुद्ध समरहिल

नव्वदच्या दशकात इंग्लंडमध्ये शाळा मोजण्या-तोलण्याचे दिवस आले. 1992 मध्ये ऑफस्टेड ही तपासणी यंत्रणा स्थापन झाली. समरहिलवर तपासण्यांमागून तपासण्या झाल्या. मार्च 1999 च्या तपासणीनंतर आलेला अहवाल अत्यंत कडक होता. मुलांनी आळसाचा पाठपुरावा हेच स्वातंत्र्य मानलं आहे, असा त्याचा सूर होता. शिक्षणमंत्री डेव्हिड ब्लंकेट यांच्या खात्याने शाळेला औपचारिक नोटीस बजावली. मुलांना नियमित अभ्यासाला बसवण्याची तिच्यातली अट मान्य केली असती तर समरहिल नावापुरती उरली असती. नाकारली तर नोंदणी जाण्याची भीती. शाळेने तिसरा मार्ग घेतला आणि लवादाकडे अपील केलं.

याच काळातला एक योगायोग नोंदवायला हवा. इंग्लंडमधल्या सरकारी शाळांत शारीरिक शिक्षेवर बंदी घालणारा कायदा 1986 मध्ये झाला. खासगी शाळांना ती बंदी लागू करणारा कायदा 1998 मध्ये झाला आणि तो अमलात आला सप्टेंबर 1999 मध्ये. म्हणजे ज्या वर्षी समरहिल मागासलेली ठरवली जात होती, त्याच वर्षी देशाचा कायदा छडीच्या बाबतीत तिच्यापाशी पोचत होता. छडी न वापरण्याचं तत्त्व समरहिलने 1921 पासून पाळलं होतं.

मार्च 2000 मध्ये लंडनच्या रॉयल कोर्ट्स ऑफ जस्टिसमध्ये सुनावणी सुरू झाली. शाळेची बाजू मानवाधिकारांचे ख्यातनाम वकील जेफ्री रॉबर्टसन यांनी मांडली. मार्क स्टीफन्स सॉलिसिटर होते. मुलंही हजर होती. उलटतपासणीत सरकारची बाजू ढासळत गेली आणि काही दिवसांतच सरकारी वकिलांनी तडजोडीचा मसुदा पुढे केला. झोई रीडहेड यांना तो स्वतः मान्य करता आला असता. पण समरहिलच्या बाबतीतला निर्णय समरहिलच्या सभेनेच घ्यायचा, अशी भूमिका शाळेने घेतली. त्यासाठी न्यायालयाचीच खोली मुलांना मिळाली. त्यांनी तिथे आपली सभा भरवली, मसुद्याचा कलमवार ऊहापोह केला आणि मतदान करून तडजोड स्वीकारली.

तासाला बसणं ऐच्छिक राहील हे या तडजोडीत मान्य झालं. शाळेची तपासणी तिच्या तत्त्वज्ञानाची दखल घेऊन केली जाईल, तपासणीत शाळेच्या बाजूचे तज्ज्ञ असतील आणि शिक्षणाचा दर्जा ठरवताना मुलांचं म्हणणंही ऐकलं जाईल, हेही ठरलं. मुलांशी संबंधित निर्णयांत त्यांचं मत विचारात घेतलं पाहिजे, असं संयुक्त राष्ट्रांच्या 1989 च्या बालहक्क करारनाम्याचं बारावं कलम सांगतं. ब्रिटनने हा करारनामा मान्य केलेला होता. समरहिलच्या मुलांनी त्या कलमाला एका खऱ्याखुऱ्या दस्तऐवजात जागा मिळवून दिली. पुढच्या तपासण्यांचे अहवाल शाळेला अनुकूल आले, आणि 2008 मध्ये बीबीसीने या खटल्यावर आधारित मुलांसाठीची मालिकाही दाखवली.

आपण यातून काय घ्यायचं

समरहिलचा कित्ता जसाच्या तसा गिरवता येत नाही आणि गिरवूही नये. ही लहान शाळा आहे. सगळे एकमेकांना नावाने ओळखतात, म्हणून सभा चालते. ती फीवर चालते, त्यामुळे गरिबांच्या मुलांना तिचं दार सहज उघडत नाही. याची खंत खुद्द नील यांना होती. मागे पडलेल्या मुलाला घरी शिकवणारं कुणी नसेल, तर तीन वर्षं वाट पाहणं त्याला परवडेलच असं नाही. ‘समरहिलसारखी शाळा’ असं म्हणणाऱ्यांनी या मर्यादा आधी मांडल्या पाहिजेत.

मर्यादा मान्य करूनही एक गोष्ट शिल्लक राहते, आणि मला ती फार मोलाची वाटते. नील यांनी मुलांवर विश्वास ठेवला, असं आपण म्हणतो. तसा विश्वास अनेक प्रेमळ शिक्षक ठेवतात. नील त्याच्या पुढे गेले. त्यांनी त्या विश्वासाला नियमांची चौकट दिली. सभेत त्यांचा प्रस्ताव पडला की ते तो पडू देत. मोठ्यांचा मूड चांगला असताना मिळणारी सवलत उद्या काढून घेता येते. मतदानाने मिळालेला अधिकार असा काढून घेता येत नाही, आणि मुलांना हा फरक फार लवकर कळतो.

आपल्या शाळांमधूनही वर्गप्रतिनिधी निवडले जातात, मंत्रिमंडळं बनतात, शपथविधी होतात. मुलं हौसेने भाग घेतात. ही निवडणूक खरी आहे की देखावा, हे ओळखायची कसोटी सोपी आहे. मुलांच्या बहुमताने शाळेचा एखादा नियम बदलला, असं गेल्या वर्षभरात कधी घडलं का? शिक्षकांच्या मताविरुद्ध गेलेला एखादा ठराव अमलात आला का? मैदान कुणी केव्हा वापरावं, वाचनालयाचे दंड किती असावेत, सहलीला कुठे जावं, मधल्या सुट्टीत वर्गात थांबू द्यावं की नाही, असे कितीतरी विषय आहेत जिथे मुलं चुकली तरी कुणाचं नुकसान होणार नाही. तिथून सुरुवात करायला तासांची सक्ती उठवावी लागत नाही, जादा निधी लागत नाही, शाळा खेड्यात न्यावी लागत नाही. मोठ्यांनी आपलं मत एकच मोजायला तयार व्हावं, एवढंच लागतं. नील यांना ते पन्नास वर्षं जमलं.